खुर्चीतल्या बेटीबाई

गेल्या अंकात एका वाचकांनी विचारलं होतं की विधानसभेचे अध्यक्ष स्वतः मत देतात का. उत्तराच्या ओघात मी ब्रिटनच्या बेटी बूथरॉइड यांचं नाव घेतलं. ‘नाचणाऱ्या मुलींच्या ताफ्यातून आलेल्या, कॉमन्स सभागृहाच्या पहिल्या महिला अध्यक्ष झालेल्या आणि शेवटी लॉर्ड्समध्ये जाऊन बसलेल्या बाई’ एवढीच त्यांची ओळख दिली होती. (कॉमन्स म्हणजे तिकडची लोकसभा, लॉर्ड्स म्हणजे लोकांतून न निवडलेलं वरचं सभागृह.) त्या एका वाक्यावर आली एकोणीस पत्रं. अर्थसंकल्प म्हणजे काय हे मी चार पानं समजावून सांगितलं होतं, त्यावर दोन आली होती. असो. हा सगळा अंक बेटीबाईंना.

नव्या वाचकांसाठी सांगते. मी एकतीस वर्षं विधानमंडळात मराठी प्रतिवेदक होते. सभागृहात खालच्या टेबलाशी बसायचं, सदस्य बोलतील ते लघुलिपीत उतरवायचं, पाळी संपली की उठून जाऊन टंकायचं. आमचं टेबल अध्यक्षांच्या पुढ्यात, तोंड सदस्यांकडे. त्यामुळे अध्यक्षांचा चेहरा आम्हाला दिसायचा नाही, आवाज तेवढा डोक्यावरून यायचा. कुठला अध्यक्ष सभागृह धरून ठेवणार आणि कुणाच्या हातून ते सुटणार, हे आम्हाला मागे न बघता कळायचं.

प्रश्न : त्या गिरणी कामगाराच्या घरच्या, असं कुठेतरी वाचलं. आम्हीही मागांच्या गावचे, म्हणून विचारतो. (इचलकरंजी)

बरोबर वाचलंत. जन्म ८ ऑक्टोबर १९२९, यॉर्कशरमधलं ड्यूजबरी. आई-वडील दोघंही कापड गिरणीत. तुम्ही मागांच्या गावचे आहात, तर हे तुम्हाला आवडेल. ड्यूजबरी आणि शेजारचं बॅटली ही गावं चिंध्यांवर मोठी झाली. जुने लोकरी कपडे गोळा करायचे, यंत्रात घालून पिंजायचे, त्या तंतूंत थोडी नवी लोकर मिसळून पुन्हा सूत काढायचं. या कापडाला ‘शॉडी’ म्हणतात. आपल्याकडे आज तोच धंदा पानिपतला चालतो. इंग्रजीत हलक्या दर्जाच्या कशालाही शॉडी म्हणतात ते या कापडावरूनच.

वडील बरेचदा बेकार असत. आईला मात्र काम मिळे, कारण बाईला मजुरी कमी द्यावी लागे. या एका गोष्टीतून घरात मजूर पक्ष आला. बेटी एकुलती एक. तारुण्यात पाऊल टाकलं तेव्हाच मजूर पक्षाच्या युवक शाखेत. पक्ष निवडायला त्यांना पुस्तकं वाचावी लागली नाहीत, आईच्या पगाराचं पाकीट पुरे झालं.

प्रश्न : नाचणारी बाई संसदेत! आपल्याकडे तिला लोकांनी जगू दिलं असतं का? आणि नाच तरी कसला? (पुणे)

‘नाच कसला’ आधी सांगते, कारण तुमच्या मनातला नाच वेगळा असावा. टिलर गर्ल्स नावाचा ताफा होता. सारख्या उंचीच्या मुली, एका रांगेत, एकमेकींच्या कमरेत हात घालून उभ्या, आणि ठेक्यावर सगळ्यांचे पाय एकदम वर, एकदम खाली. एकटीने चमकायचं नाही. एकीचा पाय अर्ध्या क्षणाने मागे राहिला तर चूक शेवटच्या रांगेतल्या प्रेक्षकालाही दिसते. लेझीम बसवलेल्या कुठल्याही शिक्षकाला विचारा.

दुसरं महायुद्ध संपल्यावर, ऐन सतराव्या-अठराव्या वर्षी, बेटी या ताफ्यात गेल्या, लंडनच्या पॅलेडियम नाट्यगृहात नाचल्या. पण हे फार दिवस टिकलं नाही. पायाला जंतुसंसर्ग झाला, नाच सुटला, मुलगी घरी परत. एवढीच हकिकत. पण पुढे पन्नास-साठ वर्षं एकही वार्ताहर ती न सांगता थांबला नाही. मीही नाही थांबले, बघा ना!

बाईंनी ती लपवली नाही, तिच्याबद्दल ओशाळल्याही नाहीत. तुमच्या पहिल्या प्रश्नाचं उत्तर त्यातच आहे असं मला वाटतं. लोक जगू देतात की नाही हे थोडंफार आपण मान कशी धरतो यावरही असतं. अर्थात थोडंफारच. त्यांच्या रांगेत अजून किती मुली होत्या, त्यांचं काय झालं, हे कुणी लिहून ठेवलेलं नाही.

प्रश्न : त्या निवडणुकीत चार वेळा पडल्या हे खरं? पाचव्यांदा तिकीट कोण देतं? (अकोला)

खरं. १९५७ साली लेस्टर आग्नेयची पोटनिवडणूक, पडल्या. १९५९ ला पीटरबरो, पडल्या. १९६८ ला नेल्सन आणि कोलन, १९७० ला रॉसेन्डेल, दोन्हीकडे पडल्या. अकोल्याचे आहात, चारदा पडलेला उमेदवार तुम्हालाही ठाऊक असेल.

यातली नेल्सन-कोलनची जरा थांबून सांगण्यासारखी. ती जागा मजूर पक्षाची होती. तिथले खासदार सिडनी सिल्व्हरमन फाशीची शिक्षा रद्द करण्यासाठी वर्षानुवर्षं झगडले होते. ते वारले, म्हणून पोटनिवडणूक लागली आणि हातातली जागा गेली. जिंकले हुजूर पक्षाचे डेव्हिड वॉडिंग्टन. पुढे ते गृहमंत्री झाले, १९९० साली लॉर्ड झाले. २००१ मध्ये बेटीबाई लॉर्ड्समध्ये पोचल्या तेव्हा हे गृहस्थ तिथे आधीच बसलेले. ज्याने तुम्हाला पाडलं त्याच्यासोबत म्हातारपणी एकाच सभागृहात चहा प्यायचा!

मधल्या वर्षांत बाई काय करत होत्या? खासदारांच्या चिटणीस होत्या, बार्बरा कासल यांच्याकडेही. कासलबाई पुढे मंत्री झाल्या. समान कामाला समान वेतनाचा १९७० चा कायदा त्यांनीच आणला. ड्यूजबरीच्या आईचं पाकीट आठवा. १९६० साली केनेडींची प्रचारमोहीम बघायला बेटी अमेरिकेत गेल्या आणि राहिल्याच. वॉशिंग्टनमध्ये सिल्व्हिओ काँटे नावाच्या रिपब्लिकन प्रतिनिधींकडे दोनेक वर्षं नोकरी. मजूर पक्षाची बाई रिपब्लिकन माणसाकडे! दुसऱ्या पक्षाच्या माणसासाठी चोख काम करायची सवय पुढे त्यांना किती उपयोगी पडली ते खाली येईलच.

चिटणीसपदाची एक गोष्ट मी अनुभवाने सांगते. सभागृहाच्या मागच्या खोल्यांत काम केलेल्या माणसाला नियम पाठ नसतात, अंगवळणी पडलेले असतात. निवडून आलेले पहिलटकर नियमावली उघडून बसतात तेव्हा कक्षातल्या जुन्या बाईला विचारलं असतं तर दोन मिनिटांत काम झालं असतं.

पाचवी खेप २४ मे १९७३, वेस्ट ब्रॉमिच, पुन्हा पोटनिवडणूक. बर्मिंगहॅमच्या शेजारचा हा ओतशाळांचा, कारखान्यांचा पट्टा. आपल्याकडून, मुख्यतः पंजाबातून, गेलेले पुष्कळ लोक तिथे कामाला होते. त्यांच्याविरुद्ध गरळ ओकणाऱ्या नॅशनल फ्रंटला त्या निवडणुकीत १६ टक्के मतं पडली. बाई निवडून आल्या. वय त्रेचाळीस. पहिल्या पराभवापासून सोळावं वर्ष. नंतर मतदारसंघाच्या सीमा बदलल्या, नाव ‘वेस्ट ब्रॉमिच वेस्ट’ झालं, पण तिथून त्या कधी पडल्या नाहीत.

तिकीट कोण देतं? तिथे स्थानिक शाखेचे कार्यकर्ते मुलाखत घेऊन ठरवतात. दिल्लीची वारी नसते.

प्रश्न : विरोधी पक्षाच्या खासदाराला अध्यक्ष कसं केलं? आणि त्या विगचं काय प्रकरण होतं? (लातूर)

लातूरहून हा प्रश्न यावा हे छान झालं. त्याच सुमाराला आपल्या लोकसभेच्या खुर्चीत लातूरचे शिवराज पाटील होते, १९९१ ते ९६.

बेटीबाई १९८७ पासून उपाध्यक्ष होत्या. एप्रिल १९९२ च्या निवडणुकीत हुजूर पक्ष पुन्हा जिंकला, जॉन मेजर पंतप्रधान राहिले. म्हणजे बहुमत त्यांचं. अध्यक्षपदासाठी त्यांच्याकडून पीटर ब्रूक यांचं नाव होतं. असा सामना १९५१ नंतर झालाच नव्हता, नाव आधी ठरायचं आणि सगळे माना डोलवायचे. २७ एप्रिलला मतदान झालं. बेटीबाई ३७२, ब्रूक २३८. सत्ताधारी बाकांवरून भरघोस मतं आल्याखेरीज हा आकडा होत नाही. त्या दिवशीच्या भाषणात त्या म्हणाल्या होत्या, मी काय आहे त्यासाठी मला निवडा, मी काय म्हणून जन्माला आले त्यासाठी नको. बाई म्हणून सवलत मागितली नाही. त्यांच्या आधी सातशे वर्षांत त्या खुर्चीत एकही बाई बसली नव्हती. आपल्या लोकसभेत मीरा कुमार २००९ साली आल्या.

निवड झाली की नव्या अध्यक्षाला दोघं सहकारी दंडाला धरून खुर्चीपर्यंत ओढत नेतात, आणि तो नको-नको करत जातो. हा नखरा नाही. जुन्या काळी सभागृहाचं म्हणणं राजाच्या कानावर घालायचं काम अध्यक्षाचं, आणि म्हणणं आवडलं नाही तर राजा अध्यक्षाचं मुंडकं उडवायचा. अशी सात मुंडकी गेली म्हणतात. म्हणून ओढून नेण्याची रीत.

आता विग. ब्रिटनचा अध्यक्ष काळा झगा आणि खांद्यापर्यंत रुळणारा पांढऱ्या केसांचा टोप घालत आलेला. बाईंनी झगा ठेवला, टोप नाकारला. त्यांचे स्वतःचे पांढरे केस काय वाईट होते? मोर्चा नाही, वादावादी नाही, सभागृहाची संमती घेतली आणि घातला नाही. त्यांच्यानंतर कुठल्याच अध्यक्षाने टोप पुन्हा डोक्यावर चढवला नाही. एका माणसाने शांतपणे मोडलेला रिवाज असा मोडूनच राहिला.

संबोधनाचा प्रश्नही आला. पुरुषाला ‘मिस्टर स्पीकर’ म्हणत, हिला काय म्हणायचं? खुर्चीत नवीन असताना एका खासदाराने उभं राहून विचारलंच. बाई म्हणाल्या, मला ‘मॅडम’ म्हणा. झालं. आमच्याकडे महिला तालिकाध्यक्ष (अध्यक्ष नसताना कामकाज चालवणाऱ्या सदस्य) खुर्चीत बसल्या की काही ज्येष्ठ सदस्य सवयीने ‘अध्यक्ष महाराज’च म्हणायचे. आणि आम्ही उतरवायचो.

प्रश्न : निर्णायक मत कधी वापरलं का? गेल्या अंकात तुम्ही ते अर्धवट सोडलंत. (नाशिक)

सोडलं खरं, जागा नव्हती. आता सविस्तर सांगते, या बाईंच्या कारकिर्दीतला माझा सगळ्यात आवडता दिवस तोच.

नियम आपल्याकडे संविधानात लिहिलाय : विधानसभेसाठी अनुच्छेद १८९, संसदेसाठी १००. अध्यक्ष आधी मत देत नाहीत. समसमान झाली तरच देतात. पण कुठल्या बाजूने, हे संविधान सांगत नाही. ब्रिटनमध्ये तेही ठरलेलं आहे, लेखी कायद्याने नाही, पायंड्याने. जॉन डेनिसन नावाचे अध्यक्ष एकोणिसाव्या शतकात होऊन गेले, त्यांनी घालून दिलेली रीत. अध्यक्षाने मत असं द्यावं की गोष्ट आहे तशी राहील. बदल करायचा तर सभागृहाने स्वतःच्या बहुमताने करावा, अध्यक्षाच्या एका मताने नको.

२२ जुलै १९९३ ची रात्र. युरोपीय महासंघाचा मास्ट्रिख्त करार. मेजर यांचं सरकार काठावर, त्यांच्याच पक्षातले वीसेक खासदार फुरंगटलेले. करारातला कामगारांच्या हक्कांचा भाग सरकारला नको होता, मजूर पक्षाला हवा होता. मजूर पक्षाची दुरुस्ती मताला टाकली गेली.

तिथे मत देतात ते चालत. ‘हो’ वाले एका दालनातून, ‘नाही’ वाले दुसऱ्यातून, आणि दारात उभे असलेले मोजणारे एकेक डोकं मोजतात. आजारी खासदारांना रुग्णवाहिकेतून आवारात आणल्याचे प्रसंगही तिथे घडलेले आहेत. मोजणारे आत आले, आकडा वाचला : ३१७ विरुद्ध ३१७.

विचार करा. खुर्चीत बसलेली बाई जन्मापासून मजूर पक्षाची. समोर मजूर पक्षाची दुरुस्ती, आणि विषय कामगारांच्या हक्कांचा. ड्यूजबरीच्या गिरणीतली आई डोळ्यासमोर आली असेल की नाही, मला ठाऊक नाही. त्यांनी पायंडा सांगितला आणि मत ‘नाही’च्या बाजूला टाकलं. म्हणजे सरकारच्या बाजूला. पुढच्याच मतदानात सरकार ३१६ विरुद्ध ३२४ असं हरलं आणि दुसऱ्या दिवशी विश्वासदर्शक ठराव आणावा लागला, तो भाग वेगळा.

खरी गंमत नंतर. मोजणी तपासली तेव्हा कळलं की एक डोकं मोजायचं राहिलं होतं. आकडा ३१७ विरुद्ध ३१८ असा होता. समसमान झालीच नव्हती! निर्णायक मताची गरजच नव्हती. पण मत दिलं गेलं ते गेलं, आणि इतिहासात नोंदलं गेलं. बाईंनी पायंड्याला धरून मत दिलं म्हणून निकाल दोन्ही हिशेबांनी एकच. मन चळलं असतं आणि आपल्या पक्षाकडे मत टाकलं असतं, तर चुकीच्या मोजणीवर चुकीचा निकाल लागला असता. मी प्रतिवेदक, आकडा चुकला की रात्रभर झोप न लागणारी. हा किस्सा मी नव्या मुलींना शिकवताना नेहमी सांगायचे.

प्रश्न : अध्यक्ष झाल्यावर पक्ष सोडावा लागतो? मग पुढच्या निवडणुकीत काय? (सातारा)

तिथे सोडतात. पक्षाचं कार्ड परत, पक्षाची बैठक बंद. सदस्यांच्या खाणावळीत एकत्र जेवणंही अध्यक्ष टाळतात. पुढच्या निवडणुकीत ‘पुन्हा निवडून येऊ इच्छिणारा अध्यक्ष’ एवढ्याच ओळखीवर उभं राहायचं, आणि मोठे पक्ष समोर उमेदवार देत नाहीत. १९९७ मध्ये बेटीबाईंसमोर तिन्ही मोठ्या पक्षांनी दिला नाही.

आपल्याकडे सक्ती नाही. पक्षांतरबंदीच्या दहाव्या अनुसूचीत अध्यक्षाला पक्ष सोडायची मुभा आहे, सोडला तर अपात्र ठरत नाही. नीलम संजीव रेड्डी यांनी १९६७ साली लोकसभा अध्यक्ष होताच काँग्रेस सोडली होती, तेव्हा तर अनुसूचीही नव्हती. त्यानंतर ही वाट कुणी मळवली नाही. अपात्रतेचे अर्ज ज्याच्यापुढे येतात त्याच्याच खिशात पक्षाचं कार्ड, यावर गेल्या काही वर्षांत तुम्ही पेपरात इतकं वाचलंय की मी भर घालत नाही.

प्रश्न : त्या फार कडक होत्या का? (सोलापूर)

आवाज कडक होता. यॉर्कशरचा उच्चार आणि वर्षानुवर्षं ओढलेल्या सिगारेटींची खरखर. ‘ऑर्डर!’ हा शब्द त्या ओरडायच्या नाहीत, फेकायच्या. प्रशिक्षणात आम्हाला एकदा त्यांची चित्रफीत दाखवली होती. पंतप्रधानांच्या प्रश्नोत्तरांची वेळ संपली की ‘टाइम्स अप!’ म्हणायच्या, आणि तेही कसं, खानावळीतल्या मावशीने ताट उचलताना म्हणावं तसं. समोर मेजर असोत की ब्लेअर. मला तेव्हा पॅलेडियम आठवलं. ठेका ज्याच्या पायात आहे त्याला कुठे थांबायचं ते कळतं.

कारवाईही करायच्या. अध्यक्ष होऊन तीन महिने झाले नाहीत तोच स्वतःच्याच जुन्या पक्षाच्या डेनिस स्किनर यांना बाहेर घालवलं. कृषिमंत्र्यांना वापरलेला हिणकस शब्द ते मागे घेईनात. १९९३ साली उत्तर आयर्लंडच्या इयन पेझली यांनी मंत्री खोटं बोलले असं म्हटलं आणि शब्द मागे घेतला नाही, तर निलंबन. ‘खोटं’ हा शब्द तिथेही असंसदीय आहे. १९९७ साली उत्तर आयर्लंड ब्रिटनपासून वेगळा करू पाहणाऱ्या शिन फेन पक्षाचे दोन नेते निवडून आले, पण राणीच्या नावाने शपथ घेणार नाही म्हणाले. बाईंनी सांगितलं, शपथ नाही तर आवारातली कचेरी आणि सवलतीही नाहीत. मंत्र्यांनी धोरण आधी पत्रकारांना आणि मग सभागृहाला सांगितलं की त्यांचा पारा चढायचा. हा पारा मी इथेही पाहिलाय.

पण एका बाबतीत माझं त्यांच्याशी पटत नाही. २००० साली तान्ह्या मुलाच्या आई असलेल्या महिला खासदारांनी समितीच्या बैठकीत बाळाला पाजायची परवानगी मागितली. बाईंनी नाही म्हटलं. समितीत खाणंपिणं चालत नाही, त्यात हे धरलं. टोप झुगारणाऱ्या बाईंना हा रिवाज झुगारता आला नाही. मुलगी चार महिन्यांची असताना मी हिवाळी अधिवेशनाला नागपूरला गेले होते, ‘१६० गाळे’ नावाच्या कर्मचारी वसाहतीत एका खोलीत आम्ही तिघी प्रतिवेदक. पाळी संपली की धावत खोलीवर, आणि खोलीत माझी सासू बाळाला घेऊन डिसेंबरच्या थंडीत शेगडीजवळ बसलेली. दोन पाळ्यांमध्ये जेमतेम वेळ. त्यामुळे या निर्णयाबद्दल वाचलं तेव्हा मी पेपर जरा आपटलाच.

प्रश्न : बॅरोनेस म्हणजे नक्की काय? पदवी मुलांना मिळते? पगार? आणि लोकांतून न निवडलेल्या सभागृहात जायला त्यांना काही वाटलं नाही? (ठाणे)

चार प्रश्न एका पत्रात, पोस्टाचा खर्च वाचवलात.

बॅरोनेस म्हणजे लॉर्ड्समध्ये बसणाऱ्या बाईची पदवी. जुन्या लॉर्ड मंडळींची पदवी बापाकडून मुलाकडे जायची. १९५८ च्या कायद्याने हयातीपुरती पदवी आली, माणूस गेला की पदवी संपली. बायकांनाही लॉर्ड्समध्ये बसता येऊ लागलं ते याच कायद्याने. १९९९ साली वंशपरंपरेने बसणाऱ्यांपैकी ९२ वगळता बाकीच्यांची जागा काढून घेतली. निवृत्त अध्यक्षाला लॉर्ड्समध्ये पाठवायचा पायंडा जुनाच. पूर्वी त्यांना थेट वंशपरंपरागत ‘व्हायकाउंट’ करत. १९८३ मध्ये जॉर्ज थॉमस यांना मिळालं ते शेवटचं.

त्याआधी त्या खासदारकीतून बाहेर कशा पडल्या ते ऐका, कारण ब्रिटनमध्ये खासदाराला राजीनामाच देता येत नाही. सतराव्या शतकातला नियम. मग पळवाट अशी, की राजाच्या पदरची एक नाममात्र नोकरी अर्ज करून घ्यायची. काम शून्य. पण सरकारी नोकर झालात म्हणून खासदारकी आपोआप रद्द! जुलै २००० मध्ये बाईंनी पद सोडणार असल्याचं जाहीर केलं. सभागृहात ‘नाही, नाही’ असा गलका झाला, तेव्हा म्हणाल्या, माझ्यासाठी आनंद माना. ऑक्टोबरात गेल्या. कुणी घालवलं नाही, हरवलं नाही. टाइम्स अप, यावेळी स्वतःला.

२००१ च्या जानेवारीत त्या ‘सँडवेलच्या बॅरोनेस बूथरॉइड’ झाल्या. पदवीला गाव जोडतात. त्यांनी जन्मगाव घेतलं नाही. वेस्ट ब्रॉमिच ज्या सँडवेल परगण्यात येतं ते घेतलं, म्हणजे सोळा वर्षांच्या हेलपाट्यांनंतर ज्यांनी निवडून दिलं त्यांचं. लाल झगा, पांढऱ्या फरची किनार, दोन्ही बाजूंना दोन जुने सदस्य, मग सनद वाचून दाखवतात. आपल्या पेशवे दफ्तरातल्या सनदांसारखीच ऐट. पुन्हा पक्षात जाता आलं असतं, पण अध्यक्षपदाची शान म्हणून त्या कुठल्याही पक्षाच्या नसलेल्या बाकांवर बसल्या. पगार बहुतेकांना नसतो, हजर राहिलेल्या दिवसाचा भत्ता असतो. २००५ साली ‘ऑर्डर ऑफ मेरिट’ मिळालं, एका वेळी फक्त २४ जणांना असतं ते.

लोकांतून न निवडलेल्या सभागृहाबद्दल. लॉर्ड्सही निवडणुकीने भरावं असा प्रस्ताव २०१२ च्या सुमाराला आला तेव्हा बाईंनी त्याला कडाडून विरोध केला. चारदा पडून पाचव्यांदा निवडून आलेल्या बाईने निवडणुकीला विरोध करावा, हे मलाही आधी चमत्कारिक वाटलं. त्यांचं म्हणणं, दोन्ही सभागृहं निवडून आली की दोघंही म्हणणार लोक माझ्या मागे आहेत, आणि कॉमन्सचं वर्चस्व जाईल. आपल्या विधान परिषदेच्या बाबतीत हीच चर्चा उलट्या टोकाने होते. मला त्यांचा मुद्दा अर्धा पटतो. उरलेल्या अर्ध्याचं काय करायचं ते ठरायचंय.

प्रश्न : लग्न का केलं नाही? (पत्रावर गाव नाही)

केलं नाही. मेजर आणि ब्लेअर यांनी लग्न का केलं हे विचारणारं पत्र आलं नाही.

प्रश्न : उच्चार बेटी की बेट्टी? (गोवा, मडगाव)

इंग्रजी उच्चारात ‘ट’ एकच. आडनाव बूथरॉइड. तिकडच्या वर्तमानपत्रांनी तर आडनाव सोडून नुसतं बेटी म्हणायची सवय लावून घेतली होती. आपल्याकडे वाचताना कुणाची तरी लेक वाटते, तर वाटू दे.

प्रश्न : तुम्ही त्यांना प्रत्यक्ष पाहिलंत का? (कोल्हापूर)

नाही. नेल्सन मंडेलांना वेस्टमिन्स्टर हॉलच्या पायऱ्या उतरताना त्यांनी हात दिला तो १९९६ चा फोटो मात्र मी कापून ठेवलाय. सत्तावीस वर्षं तुरुंगात काढलेला माणूस आणि ही गिरणीवाल्यांची मुलगी, दोघांचं लक्ष पायरीकडे. साठी उलटल्यावर सायप्रसला सुट्टीत पॅराग्लायडिंग शिकणाऱ्या बाई, पण पायरीवर किती जपून!

२०११ साली मुलीकडे इंग्लंडला गेले होते तेव्हा लॉर्ड्सच्या प्रेक्षक सज्जात रांग लावून बसले. लाल बाकं, एक आजोबा पेंगत होते, प्रतिवेदक शांतपणे टिपत होते. माझी नजर त्यांच्याकडेच. बाई त्या दिवशी आल्या नव्हत्या. २६ फेब्रुवारी २०२३ ला त्या गेल्या, त्र्याण्णवाव्या वर्षी.

त्या दिवशी लॉर्ड्समधून बाहेर पडून मी व्हाइटहॉलच्या रस्त्याने चालत गेले. तिथे मधोमध दुसऱ्या महायुद्धातल्या स्त्रियांचं स्मारक आहे, २००५ साली राणीने उघडलेलं. त्यासाठी पैसे उभे करायला बेटीबाईंनी खटपट केली होती. आपल्या करोडपतीचा खेळ ज्यावरून घेतला, त्या तिकडच्या खेळातही त्या यासाठी जाऊन बसल्या. काळ्या ब्राँझचा उंच ठोकळा, त्याच्या चारही बाजूंना खुंट्या, आणि खुंट्यांवर कपडे. कोट, टोप्या, गणवेश. आत बाई नाही. युद्धात पुरुषांची कामं बायकांनी केली, युद्ध संपल्यावर कपडे खुंटीला लावले आणि घरी गेल्या, म्हणून. वरची अक्षरं रेशनकार्डावरच्या ठशातली. नाव कुणाचंच नाही.

पावसाची भुरभुर होती. मुलगी म्हणाली, आई चल. मी कपडे मोजत होते. सतरा आहेत असं वाचलं होतं, माझे सोळाच भरले. मुलीला छत्री धरायला लावली आणि पुन्हा फेरी घातली. सतरा होते.